रेघांच्या आधीचे गाणे

दरबारी कानड्याची एखादी बंदिश भातखंड्यांच्या क्रमिक पुस्तकात उघडून पाहावी. प्रत्येक स्वर जागच्या जागी आहे, सम दाखवली आहे, टाळी-खाली दाखवली आहे, कोमल गंधाराखाली आडवी रेघ ओढली आहे. तरीही ज्याच्या कानावर दरबारी कधी पडलाच नाही, त्याने ते पान वाचून गायले तर दरबारी उभा राहत नाही. त्या रागाचा गंधार हळूहळू झुलत येतो. तो किती झुलतो, कुठून निघतो, कुठे टेकतो हे त्या आडव्या रेघेत मावत नाही. ते गुरूसमोर बसून कानांनी घ्यावे लागते. पुस्तक फक्त घेतलेल्याची आठवण करून देते.

आता हेच पान उलटे कल्पून पाहा. पानावर स्वरांची नावे नाहीत, नुसते झुलणे काढलेले आहे. या अक्षरावर आवाज वर गेला, या अक्षरावर दोन सूर उतरले, इथे किंचित थरथरला. कुठल्या स्वरावरून निघाला आणि किती वर गेला, ते मात्र कुठेच नाही. त्यात भर म्हणजे हे गाणे ज्यांना येत होते, त्यांतला शेवटचा माणूस आठशे-नऊशे वर्षांपूर्वी गेला. असे पान पुढ्यात घेऊन गायला बसायचे, तर सुरुवात कुठून करायची?

बेंजामिन बॅग्बी या गायकाने या प्रश्नाला आयुष्य दिले आहे. अमेरिकेतल्या इलिनॉय राज्यातल्या एव्हन्स्टन गावी १९५० मध्ये त्यांचा जन्म झाला. ओबर्लिन महाविद्यालयातले शिक्षण आटोपून ते स्वित्झर्लंडमधल्या बाझेल शहरी गेले. तिथे १९३३ मध्ये स्थापन झालेली ‘स्कोला कान्तोरुम बासिलिएन्सिस’ ही संस्था आहे. जुन्या युरोपीय संगीताचा ग्रंथाभ्यास आणि प्रत्यक्ष गाणे-वाजवणे ही दोन्ही अंगे ती एकत्र शिकवते. ज्याने हस्तलिखित वाचायचे त्यानेच ते गायचे, हा तिथला रिवाज. बॅग्बींचे तिथले गुरू टॉमस बिंकली. बिंकलींनी म्युनिकमध्ये मध्ययुगीन गाण्यांसाठी एक छोटा संच उभारला होता आणि ही गाणी गायची पद्धत शोधत ते मोरोक्कोतल्या अंदालुसी परंपरेच्या गवयांपर्यंत पोचले होते. बॅग्बींना बार्बरा थॉर्न्टन याच वर्तुळात भेटल्या. त्याही अमेरिकन, वयाने बरोबरीच्या, गळा आणि अभ्यास दोन्ही तयार. दोघांनी १९७७ मध्ये ‘सेक्वेन्शिया’ हा संच काढला आणि जर्मनीतल्या कोलोनमध्ये बस्तान बसवले.

पाश्चात्त्य अभिजात संगीत म्हटले की आपल्याला बाख, मोझार्ट, बेथोवन आठवतात. सेक्वेन्शियाने हाती घेतलेले गाणे त्यांच्याही पाचशे-सातशे वर्षे आधीचे आहे. त्यात वाद्यवृंद नाही, अनेक सुरांची एकमेकांवर रचलेली इमारत नाही. बहुतेक ठिकाणी एकच चाल आहे, ती एका आधारस्वराभोवती फिरते आणि ठरलेल्या स्वरांवर विसावते. आपल्याकडच्या ऐकणाऱ्याला मोझार्टपेक्षा हे गाणे जवळचे वाटते. मला तरी पहिल्यांदा ऐकताना तसेच वाटले. मात्र ही जवळीक थोडी फसवी आहे. त्याकडे पुढे येऊच.

आधी हे गाणे पानावर कसे उतरले ते पाहू. सातव्या शतकात सेव्हिलचा बिशप इसिदोर याने लिहून ठेवले की आवाज माणसाने स्मरणात धरला नाही तर तो नाहीसा होतो, कारण तो लिहिता येत नाही. त्याच्या काळी ते खरेच होते. नवव्या शतकात मात्र शार्लमेनच्या साम्राज्यात सगळ्या मठांनी एकाच पद्धतीने प्रार्थना गाव्यात असा आग्रह सुरू झाला, पाठ करायच्या चालींचा डोंगर वाढला आणि लॅटिन शब्दांच्या डोक्यावर बारीक खुणा दिसू लागल्या. त्यांना न्यूम म्हणतात. एक तिरकी रेघ म्हणजे वरचा सूर, टिंब म्हणजे खालचा. वळून खाली आलेली रेघ म्हणजे दोन उतरते सूर, वर चढलेली म्हणजे दोन चढते. ‘ल’, ‘र’, ‘न’ यांसारख्या व्यंजनांवर आवाज सैल सोडून निसटता घ्यायचा, तर त्याचीसुद्धा वेगळी खूण. उच्चाराची एवढी नाजूक नोंद करणाऱ्या या लिपीत स्वराची उंची मात्र नोंदलेली नाही.

ही उणीव तेव्हा कुणाला टोचली नसावी, कारण वाचणाऱ्याला गाणे आधीच येत होते. ऋग्वेदाच्या पोथीत अक्षराखाली आडवी रेघ अनुदात्ताची, डोक्यावर उभी रेघ स्वरिताची. पण नुसत्या त्या रेघांवरून आजवर कुणी वेद म्हणायला शिकलेले नाही. संथा गुरूमुखातून घ्यायची, रेघ आठवणीसाठी. मठातला न्यूमही असाच होता. ज्याने दहा वर्षे रोज सात-आठ वेळा देवळात उभे राहून गायले आहे, त्याला एवढा इशारा पुरत असे.

मग अकराव्या शतकाच्या पूर्वार्धात इटलीतल्या ग्विदो या संन्याशाने रेघा आखून त्यांच्यावर आणि त्यांच्यामध्ये सूर बसवायची पद्धत रूढ केली. न ऐकलेले गाणेही आता पानावरून उचलता येऊ लागले. पूर्वी ज्याला दहा वर्षे लागत, तो गायक एक-दोन वर्षांत तयार होईल, असा ग्विदोचा दावा होता आणि तो बऱ्याच अंशी खरा ठरला. आजची पाच रेघांची स्वरलिपी त्याच्याच कामातून वाढली.

पण या शोधाने एक दार उघडताना दुसरे लावून घेतले. जी गाणी त्या वेळी देवळात रोज गायली जात होती, ती यथावकाश रेघांवर उतरली. त्यामुळे त्यांच्या जुन्या, बिनरेघी प्रतीही आज वाचता येतात: नवी प्रत शेजारी ठेवायची आणि ताडून पाहायचे. फ्रान्समधल्या सोलेम मठातल्या संन्याशांनी एकोणिसाव्या शतकात नेमके हेच केले. १८८९ पासून त्यांनी जुन्या हस्तलिखितांची छायाचित्रे खंडाखंडांनी छापायला घेतली. एका प्रार्थनेची चाल तर त्यांनी दोनशेहून अधिक हस्तलिखितांतून गोळा करून शेजारी शेजारी मांडली. पण जी गाणी ग्विदोच्या रेघा पसरेपर्यंत मागे पडली होती, ती कुणीच उतरवून घेतली नाहीत. त्यांच्या खुणा उरल्या आणि त्या खुणा वाचणारी स्मृती गेली. बॅग्बी मुख्यतः याच गाण्यांकडे वळले. पण तिथवर पोचण्याआधी सेक्वेन्शियाला जगात ओळख मिळाली ती हिल्डेगार्डमुळे.

बिंगेनची हिल्डेगार्ड १०९८ ते ११७९ या काळात होऊन गेली. बेनेडिक्ट पंथाची संन्यासिनी, मठाधिपती, वनस्पती आणि रोगांवर लिहिणारी, दृष्टान्त पाहणारी आणि पोपपासून सम्राटापर्यंत सगळ्यांना खडसावून पत्रे धाडणारी बाई. तिने रचलेली सत्तरहून अधिक गाणी आणि ‘ओर्दो विर्तूतुम’ हे संपूर्ण गायचे नाटक आज उपलब्ध आहे. त्या नाटकात एका जीवासाठी सद्गुण आणि सैतान यांचा झगडा चालतो. सगळी पात्रे गातात, सैतान तेवढा गात नाही. तो ओरडतो. ज्याच्यापाशी देव नाही त्याच्यापाशी सूर नाही, हे हिल्डेगार्डने संवाद न लिहिता रचनेतूनच सांगितले. मला हा नाट्यविचार विलक्षण वाटतो.

गाणे तिच्यासाठी पूजेची सजावट नव्हती. ११७८ मध्ये, ती ऐंशीला टेकलेली असताना, तिच्या मठाने आपल्या दफनभूमीत एका सरदाराला पुरले. तो बहिष्कृत आहे असे म्हणत माइन्त्सच्या धर्माधिकाऱ्यांनी प्रेत उकरून काढायचा हुकूम दिला. तिने नकार दिला. शिक्षा म्हणून मठातले गाणेच बंद करण्यात आले. प्रार्थना फक्त पुटपुटून म्हणायची. त्यावर तिने लिहिलेल्या पत्राचा आशय असा की जे पृथ्वीवर देवाची स्तुती गप्प करतात त्यांना स्वर्गातल्या गायनात जागा मिळणार नाही. बंदी उठली, आणि त्यानंतर काही महिन्यांतच ती वारली.

हिल्डेगार्डची गाणी रेघांवर लिहिलेली आहेत, त्यामुळे स्वर कळतात. तिच्या चाली त्या काळच्या सवयीपेक्षा फार मोठा पल्ला घेतात. साधारण प्रार्थनागीत एका सप्तकाच्या आसपास राहते, तिची काही गाणी दोन सप्तके ओलांडतात. सुरुवातीलाच आधारस्वरावरून थेट पंचमावर उडी, तिथून तारषड्ज, असे तिचे कितीतरी आरंभ आहेत. पण कुठला सूर किती वेळ धरायचा, हे पानावर नाही. लय नाही, ताल नाही, वाद्याचा उल्लेख नाही.

या गाण्यांचे मोठे हस्तलिखित सुमारे पंधरा किलो वजनाचे आहे आणि वीसबाडेनच्या ग्रंथालयात असते. दुसऱ्या महायुद्धात सुरक्षित राहावे म्हणून ते ड्रेस्डेनला नेऊन बँकेच्या तिजोरीत ठेवले. १९४५ च्या बाँबवर्षावात ते शहर जळाले. हिल्डेगार्डच्या दृष्टान्तांचे सचित्र पुस्तक तिथूनच बेपत्ता झाले ते आजतागायत मिळालेले नाही. गाण्यांचे हस्तलिखित वाचले, पण सोव्हिएत अमलाखाली अडकले. शेवटी १९४८ मध्ये मार्गारेटे क्यून या विदुषीने त्याच्या जागी दुसरा जाड ग्रंथ पाठवला आणि मूळ ग्रंथ पश्चिमेकडे आणवला. आज आपण हिल्डेगार्ड ऐकतो त्यात या बाईंच्या धाडसाचाही वाटा आहे.

थॉर्न्टन आणि बॅग्बी यांनी १९८२ मध्ये ‘ओर्दो विर्तूतुम’चे ध्वनिमुद्रण केले आणि हिल्डेगार्डचे सगळे गाणे मुद्रित करायचे ठरवले. त्याच सुमारास इंग्लंडमध्ये क्रिस्टोफर पेज या विद्वान गायकसंचालकाने ‘गॉथिक व्हॉइसेस’कडून तिच्या काही गाण्यांची तबकडी काढली. ती अनपेक्षितपणे फार गाजली आणि शेकडो वर्षे विस्मरणात गेलेले नाव घरोघर पोचले. थॉर्न्टन यांची वाट जरा निराळी होती. आधुनिक स्वरलिपीत उतरवलेल्या प्रतीवरून त्यांच्या गायिका शिकत नसत. मूळ हस्तलिखिताच्या छायाप्रती पुढे असत. लॅटिनचे वाक्य कुठे श्वास घेते, कुठल्या शब्दावर जीव अडकतो, हे आधी पक्के व्हायचे, आणि लय त्या वाक्यातून निघायची. १९९४ च्या त्यांच्या ध्वनिमुद्रणाचा जगभर प्रचंड खप झाला, ग्रॅमीसाठी नामांकनही मिळाले.

१९९८ हे हिल्डेगार्डच्या जन्माचे नऊशेवे वर्ष होते. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये, वयाच्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, मेंदूतल्या गाठीने बार्बरा थॉर्न्टन गेल्या. समग्र हिल्डेगार्डचा संकल्प अर्धवट राहिला होता. तो बॅग्बींनी पुढे नेला आणि शेवटची तबकडी २०१३ मध्ये निघाली. आरंभापासून तोवर एकतीस वर्षे झाली होती.

हिल्डेगार्डपाशी निदान स्वर होते. बोएथियसपाशी तेही नाहीत. हा सहाव्या शतकातला रोमन मुत्सद्दी. थिओडोरिक राजाने राजद्रोहाचा आरोप ठेवून त्याला कैदेत टाकले आणि ५२४ च्या सुमारास ठार केले. कैदेत त्याने ‘तत्त्वज्ञानाचे सांत्वन’ हा ग्रंथ लिहिला. त्यात गद्य आणि पद्य आळीपाळीने येते आणि पद्ये एकोणचाळीस आहेत. मध्ययुगात हा ग्रंथ फार वाचला गेला. नवव्या शतकापासून मठांतले लोक ही पद्ये गाऊ लागले. तीसहून अधिक हस्तलिखितांत त्यांच्यावर न्यूम सापडतात, म्हणजे चाली बोएथियसच्या नव्हेत, त्याच्या तीन-चार शतकांनंतरच्या. पण रेघांचा जमाना येईतो ही गाणी मागे पडली. ताडून पाहायला नवी प्रत नाही.

केंब्रिजचे सॅम बॅरेट हे संगीतेतिहासाचे अभ्यासक दोन दशके या खुणांमागे लागले होते. एक पान त्यांना विशेष उपयोगी पडले. अकराव्या शतकात कँटरबरीत लिहिलेल्या आणि आता केंब्रिज विद्यापीठात असलेल्या गीतसंग्रहातले ते पान १८४० च्या सुमारास एका जर्मन अभ्यासकाने काढून नेले होते. १९८२ मध्ये इतिहासकार मार्गारेट गिब्सन यांनी फ्रँकफर्टच्या ग्रंथालयात ते ओळखले आणि ते केंब्रिजला परत आले. त्या एका पानावर बोएथियसची पद्ये होती, डोक्यावर न्यूम होते.

बॅरेट यांची पद्धत समजून घेण्यासारखी आहे. प्रत्येक अक्षरावर किती सूर, हे न्यूमवरून कळते. त्यांची दिशा कळते. कवितेचे वृत्त माहीत आहे, म्हणून कुठली ओळ कुठल्या ओळीसारखी चालली पाहिजे याचा अंदाज येतो. एकाच आकाराच्या खुणा दोन ओळींवर आल्या की चालही बहुधा तीच. त्याच मठांत त्याच काळी गायली जाणारी आणि पुढे रेघांवर उतरलेली इतर लॅटिन गाणी आहेत. त्यांच्यात कुठले वळण वारंवार येते, ओळ कुठल्या स्वरावर संपते, हे मोजता येते. एवढ्या सगळ्यातून शक्यता गाळत गाळत चालीचा मोठा भाग हाती येतो. बॅरेट यांच्या म्हणण्याप्रमाणे ऐंशी-नव्वद टक्क्यांपर्यंत.

उरलेल्या भागासाठी त्यांनी बॅग्बींना गाठले. या टप्प्यावर विद्वत्तेचा प्रकार बदलतो. बॅग्बी ओळ गाऊन पाहत. कागदावर दोन पर्याय सारखेच शक्य दिसत, पण गळ्यातून एक सहज जाई आणि दुसरा अडखळे. हार्पच्या तारांवर एक बसे, दुसऱ्यासाठी हात वाकडा करावा लागे. बॅग्बींना हा निवाडा करता येत होता, कारण तीस-चाळीस वर्षे त्याच स्वरसमूहांत, त्याच लॅटिनमध्ये त्यांचा आवाज घोळला होता. भूपात आलाप करताना गवई ‘इथे काय घेऊ’ असा विचार करत नाही. भूपाचे चलन त्याला पुढे नेते. न्यूम वाचणाऱ्या मूळ संन्याशाकडे असेच काहीसे होते, आणि बॅग्बींनी वर्षानुवर्षे राबून ते स्वतःत तयार केले. पुनरुज्जीवन हा शब्द या कामाला मला पुरा वाटत नाही. पानावरच्या खुणांना ज्या स्मृतीची गरज होती, ती स्मृती एका जिवंत माणसाच्या देहात नव्याने घडवणे, हे खरे काम आहे.

२३ एप्रिल २०१६ रोजी केंब्रिजमधल्या पेंब्रोक महाविद्यालयाच्या चॅपलमध्ये ही गाणी झाली. बॅग्बींसोबत हाना मार्टी ही तरुण स्विस गायिका-हार्पवादक होती आणि बासरीवर नॉर्बर्ट रोडेनकिर्खेन. निदान नऊशे वर्षांत या चाली कुणी ऐकल्या नव्हत्या. मी त्यांचे मुद्रण ऐकले तेव्हा सर्वांत आधी जाणवले ते त्यांचे साधेपण. दु:खी कैद्याचे गाणे म्हणून कुठे आवाज भरून आणलेला नाही. शब्द स्वच्छ, सूर थोडे, तारेचा एखादा आघात.

मग हे खरेच अकराव्या शतकातले गाणे आहे का? हा प्रश्न टाळण्यासारखा नाही आणि या क्षेत्रातल्या लोकांनी तो टाळलेलाही नाही. एक उदाहरण पाहा. चौदाव्या शतकातल्या माशोसारख्या रचनाकारांच्या बहुस्वरी गीतांत काही ओळींखाली शब्द नसतात. विसाव्या शतकात बराच काळ सगळे मानत की त्या ओळी वाद्यांच्या, आणि ध्वनिमुद्रणांत सनई-सारंगीसारख्या वाद्यांची दाटी असे. १९७७ मध्ये क्रिस्टोफर पेज यांनी त्या काळच्या एका लेखनातला पुरावा पुढे आणला आणि या ओळीही गळ्यानेच गायच्या असाव्यात असे मांडले. दहा-पंधरा वर्षांत त्याच हस्तलिखितांचा आवाज पार बदलला. वाद्ये गेली, नुसते गळे उरले. डॅनियल लीच-विल्किन्सन यांनी २००२ मधल्या आपल्या पुस्तकात याच इतिहासावर बोट ठेवले. मध्ययुगीन संगीत म्हणून आपण जे ऐकतो ते बऱ्याच अंशी आपल्याच काळाने घडवलेले असते, असे त्यांचे म्हणणे. फ्रान्समधल्या मार्सेल पेरेस यांनी जुन्या रोमन प्रार्थनांसाठी ग्रीक चर्चगायक लिकुर्गोस अँजेलोपुलोस यांना बोलावले आणि मुरक्या-कंपनांनी भरलेले गाणे पुढे ठेवले, तेव्हा काहींना साक्षात्कार झाला आणि काहींना तो मनमानीपणा वाटला.

आपल्याकडच्या श्रोत्याने इथे आपल्या कानांवर थोडा अविश्वास दाखवावा. पेरेस यांच्या मुरक्या आपल्याला पटकन पटतात, हिल्डेगार्डच्या चालीखाली कुणी आधारस्वर धरून ठेवला की तानपुरा आठवून बरे वाटते. पण आपल्याला बरे वाटणे हा बाराव्या शतकातल्या ऱ्हाइनकाठचा पुरावा नव्हे. हिल्डेगार्डच्या पानावर तो आधारस्वर लिहिलेला नाही. सेक्वेन्शियाच्या मुद्रणांत गाण्यांच्या अधेमधे येणारे फिडलचे तुकडे मला याच कारणाने थोडे जास्तीचे वाटतात. आपल्या घरातही हा पेच आहेच. तेराव्या शतकात देवगिरीच्या यादवांच्या पदरी असलेल्या शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकर’ लिहिला. त्यात रागांचे आलाप चक्क सा-रे-ग-म मध्ये लिहिलेले आहेत. नावे आहेत, स्वर आहेत, पण तो ऋषभ आणि तो गंधार नेमके किती उंचीचे, आणि ते घ्यायचे कसे, यावर अभ्यासक आजही वाद घालतात. देवगिरीत काय ऐकू येत होते ते छातीठोकपणे गाऊन दाखवणारा अजून कुणी नाही.

बॅग्बींचे मला पटते ते यासाठी की पुरावा कुठे संपला हे ते सांगतात, आणि त्यापुढे जाताना डोळे मिटून उडी घेत नाहीत. आइसलँडच्या एड्डा काव्यांवर त्यांनी केलेले काम पाहा. ही देवदैत्यांची काव्ये तेराव्या शतकातल्या एका छोट्या हस्तलिखितात आहेत. १९७१ मध्ये डेन्मार्कने ते आइसलँडला परत दिले तेव्हा ते नौदलाच्या जहाजातून आणले गेले आणि रेक्याविकच्या बंदरावर गर्दी लोटली. त्यात चालीची एकही खूण नाही. बॅग्बी रेक्याविकच्या हस्तलिखित संस्थेत बसून रीमुर या आइसलँडी कथागायनाची जुनी ध्वनिमुद्रणे ऐकत राहिले. रीमुर एड्डांहून नंतरचे आहे, म्हणून त्यातली एखादी चाल उचलून एड्डावर चिकटवणे चुकीचे ठरले असते. त्यांनी चाली घेतल्याच नाहीत. गायक कुठल्या स्वरावर परत परत येतो, ओळीचा शेवट कसा बुडवतो, कुठली वळणे सगळ्या गायकांत सारखी आहेत, एवढे त्यांनी गाळून घेतले आणि त्या मोजक्या सामग्रीतून एड्डा गायली.

‘बेओवुल्फ’ त्याहून अवघड, कारण तिथे असा जिवंत शेजारीही नाही. जुन्या इंग्रजीतले हे वीरकाव्य ३१८२ ओळींचे आहे. त्याची एकच प्रत उरली आहे, इसवी सन १००० च्या आसपासची. बॅग्बींनी ही कथा वयाच्या बाराव्या वर्षी भाषांतरात वाचली आणि ती त्यांच्या मनातून कधी गेली नाही. काव्यातच उल्लेख आहेत की राजाच्या दालनात कवी हार्प वाजवत कथा गातो. ते वाद्य कसे होते, याचा पुरावा जमिनीतून आला. दक्षिण जर्मनीत ओबरफ्लाख्त इथल्या जुन्या थडग्यांत अशी लाकडी तंतुवाद्ये मिळाली, इंग्लंडमध्ये सटन हू इथल्या १९३९ च्या उत्खननात एकाचे तुकडे मिळाले. त्या जर्मन नमुन्यावरून बेतलेली सहा तारांची हार्प बॅग्बी मांडीवर घेतात. तारा लावतात त्या षड्ज-पंचम आणि षड्ज-मध्यम भावाने. सहा तारा म्हणजे सहा सूर. त्यांच्या बाहेर जायचे नाही.

बाकीचे सगळे भाषा पुरवते. प्रत्येक ओळीचे दोन तुकडे, चार आघात आणि आघाताच्या शब्दांना एकाच व्यंजनाने बांधणारा अनुप्रास. बॅग्बी ते काव्य मूळ भाषेतच म्हणतात, सारे पाठ, समोर कागद नाही. दीड तासाच्या आसपास एकटा माणूस. कधी बोलतो, कधी बोलता बोलता सुरात शिरतो, कधी कुजबुजतो, कधी दालन दणाणून सोडतो. आख्यान रंगात आलेला कीर्तनकार ज्यांनी ऐकला आहे, त्यांना बोलणे आणि गाणे यांच्यातली ही ये-जा ओळखीची वाटेल. दोन प्रयोग तंतोतंत सारखे होत नाहीत, कारण ठरलेली चाल नाही. ठरलेले आहेत ते सहा सूर, शब्द आणि कथा. स्वीडनमधल्या हेल्सिंगबोर्गला चित्रित झालेला त्यांचा प्रयोग २००७ मध्ये डीव्हीडीवर आला. जुन्या इंग्रजीचा एक शब्दही न कळणारा माणूसही राक्षस ग्रेंडेल रात्री धुक्यातून दालनाकडे येतो तिथे श्वास रोखून धरतो, हे मी घरीच अनुभवले आहे.

काव्याचा साधारण पहिला एक तृतीयांश भाग ते गातात. ग्रेंडेलचा खांद्यापासून उखडलेला हात राजाच्या दालनाच्या उंच छपराखाली टांगला जातो तो हा भाग. पुढे त्याची आई तळ्याच्या तळाशी वाट पाहते आहे, आणि पन्नास वर्षांनंतर जागा होणारा आगीचा नाग आपल्या ठेव्यावर झोपला आहे. १७३१ मध्ये लंडनच्या ॲशबर्नहॅम हाउसला आग लागली तेव्हा तिथे ठेवलेल्या, या काव्याच्या एकमेव प्रतीच्या कडा जळाल्या, आणि नंतर झिजत झिजत तुटत गेल्या. ओळींच्या टोकांची ती अक्षरे आज वाचायची, तर थॉर्केलिन या आइसलँडी विद्वानाने १७८७ च्या सुमारास केलेल्या आणि करवून घेतलेल्या नकला उघडाव्या लागतात.